कर्तव्याला साक्षीदार लागतो काय?

माणूस सज्जन की दुर्जन, याचा निवाडा कशावरून करावयाचा? त्याच्या कृतीवरून, त्याच्या हेतूवरून, की चारचौघांत त्याच्याविषयी जे बोलले जाते त्यावरून? प्रश्न जुनाच आहे आणि नीतिशास्त्राच्या ग्रंथांत त्याची उत्तरेही पुष्कळ आहेत. तथापि १९२५ साली जपानमध्ये निघालेल्या एका मूकपटाने हा प्रश्न ज्या निष्ठुरपणे मांडला, तसा तो मोठमोठ्या ग्रंथांनाही क्वचितच मांडता आला असेल. या चित्रपटाचे नाव 'ओरोची', म्हणजे अजस्र सर्प. बुंतारो फुतागावा हे त्याचे दिग्दर्शक, रोकुहेई सुसुकिता हे कथालेखक आणि त्सुमासाबुरो बांदो हे नायक. जपानी चित्रपटसृष्टीचे एक आद्य पुरुष शोझो माकिनो यांच्या देखरेखीखाली तो तयार झाला. शंभर वर्षांनंतरही जाणकार त्याचे नाव काढतात ते बहुधा त्यातील अखेरच्या प्रदीर्घ तरवारयुद्धासाठी. ते कौतुक अस्थानी नाही. परंतु त्या युद्धापर्यंत नायक कोणत्या वाटेने येऊन पोहोचतो, हे लक्षात घेतल्यावाचून त्या युद्धाचा अर्थ लागत नाही.

हेइझाबुरो कुरितोमी हा कनिष्ठ दर्जाच्या घराण्यातील तरुण सामुराई. कन्फ्यूशियसप्रणीत विद्येच्या एका पंडिताकडे तो अध्ययन करतो आणि गुरुकन्या नामिए हिच्यावर त्याचे मनोमन प्रेम आहे. गुरूंच्या वाढदिवसाच्या मेजवानीत एका बड्या घराण्याचा उद्दाम पुत्र त्याची कुरापत काढतो, मारामारी होते आणि दोष येतो तो हेइझाबुरोच्या माथी. कारण समोरचा वरच्या दर्जाचा आहे. पुढे काही जण नामिएच्या चारित्र्याविषयी भलतेसलते बोलत असल्याचे त्याच्या कानी पडते आणि तो त्यांच्यावर धावून जातो. आपण का धावलो, हे मात्र त्याला सांगता येत नाही. सांगावयाचे तर तिच्याविषयी पसरलेली कंडी स्वतःच्याच तोंडून उच्चारावी लागणार, आणि जिच्या अब्रूसाठी तो लढला तिचीच अब्रू चव्हाट्यावर येणार. तो गप्प राहतो. गुरू त्याला घालवून देतात आणि ज्या मुलीसाठी त्याने हे सारे ओढवून घेतले, तिचाही त्याच्याविषयी गैरसमज होतो.

येथून पुढे तो धन्यावाचून भटकणारा सामुराई, म्हणजे रोनिन होतो. गाव बदलते, परंतु लौकिक त्याच्या आधी जाऊन पोहोचतो. प्रत्येक प्रसंगी त्याचा हेतू एक आणि लोकांना दिसणारी कृती दुसरीच. तुरुंगाच्या वाऱ्या होतात. एका खानावळीतील तरुणीमध्ये त्याचे मन गुंतते. तेथेही पदरी निराशाच पडते. अखेरीस जिरोझो नावाच्या एका बड्या असामीच्या आश्रयाला तो जातो. हा जिरोझो लोकांच्या लेखी दीनदुबळ्यांचा कैवारी. प्रत्यक्षात मात्र स्त्रियांना फसवून पळवून आणणारा नराधम. योगायोगाने नामिए आणि तिचा आजारी पती प्रवासात याच घरी आसरा मागतात. जिरोझोची वाईट नजर नामिएवर पडते. हेइझाबुरो जिरोझोला ठार करून तिला वाचवतो आणि मग शिपायांचा वेढा पडतो. शेकडो हातांशी एकटा झुंजून थकलेला हा माणूस दोरखंडांनी जखडला जातो. जमलेले लोक दुष्ट पकडला गेला म्हणून आनंद करतात. त्याला नेत असताना त्या गर्दीत नामिए आणि तिचा पती या दोघांच्याच डोळ्यांत पाणी असते.

ज्यांना दुष्ट म्हटले जाते ते सारेच दुष्ट नसतात आणि ज्यांना थोर म्हटले जाते ते सारेच थोर नसतात, अशा आशयाचा मजकूर चित्रपटात आरंभीच पडद्यावर येतो. हे वाचून कोणी म्हणेल की यात नवीन ते काय? बाह्य वेषाला भुलू नये, हे सांगणारे संत आपल्याकडे थोडे का झाले? पण 'ओरोची' या उपदेशावर थांबत नाही. खोटा प्रतिष्ठित आणि खरा बहिष्कृत, अशी दोन सुटी माणसे दाखवून तो हात झटकत नाही. समाजाच्या ज्या रचनेमुळे एकाला प्रतिष्ठा मिळते, त्याच रचनेमुळे दुसऱ्याची नाचक्की होते, हे तो पायरीपायरीने दाखवत जातो. आरंभीच्या मेजवानीतील भांडण पाहावे. तेथे दोन तरुणांचे दोन शब्द परस्परांविरुद्ध आहेत. कोणाचा शब्द खरा, हे ठरवण्यासाठी चौकशी होत नाही. घराण्याचा दर्जा पाहिला जातो. एकदा दर्जावरून खरेखोटे ठरवायचे म्हटले की पुढचा प्रत्येक निकाल आधीच लिहून ठेवल्यासारखा होतो. आधी ज्याच्या नावापुढे शेरा पडला आहे, त्याच्यावर नंतर कोण विश्वास ठेवणार?

जपानी जनतेला कर्तव्य आणि सन्मान यांची एक कथा या आधीपासूनच पाठ होती. १७०१ साली अको प्रांताचा सरदार आसानो याने एदोच्या किल्ल्यात किरा या अधिकाऱ्यावर शस्त्र उपसले, म्हणून त्याला देहदंड झाला. त्याच्या धन्याविना झालेल्या सामुराईंनी दीर्घकाळ दबा धरून सूड घेतला आणि १७०३ साली त्यांच्यापैकी ४६ जणांनी शासनाच्या आज्ञेने स्वहस्ते प्राण दिले. सत्तेचाळीस रोनिनांची म्हणून ओळखली जाणारी ही कथा जपानी रंगभूमीने आणि चित्रपटाने अगणित वेळा सांगितली. खुद्द माकिनो यांनीही ती पडद्यावर आणली. त्या वीरांना शिक्षा झाली हे खरे. परंतु त्यांची बाजू लोकांना ठाऊक होती, त्यांचा धनी ठाऊक होता, सूडाचे कारण ठाऊक होते. तोक्योच्या सेन्गाकुजी मंदिरातील त्यांच्या समाध्यांपुढे आजही उदबत्त्या जळतात. मृत्यूच्या बदल्यात त्यांना कीर्ती मिळाली आणि तो सौदा सामुराईच्या नीतीला मान्यच होता.

हेइझाबुरोपाशी यांपैकी काहीही नाही. त्याला धनी नाही, साथीदार नाहीत, सांगता येईल असे कारण नाही आणि मरणोत्तर कीर्तीची आशाही नाही. सत्तेचाळीस रोनिनांचे कर्तव्य साऱ्या जगाच्या डोळ्यांदेखत पार पडले; याचे कर्तव्य पार पडते ते जगाच्या तिरस्कारात. म्हणून त्याची परीक्षा अधिक कठीण आहे. कीर्तीसाठी मरणे सोपे असते असे नव्हे. पण निदान त्यात काही तरी हाती लागते. अपकीर्ती पत्करून योग्य ते करणाऱ्याच्या हाती काहीच लागत नाही. सन्मान आणि लौकिक हे दोन शब्द आपण एकमेकांच्या जागी सर्रास वापरतो. सन्मान माणसाच्या आत असतो आणि लौकिक लोकांच्या तोंडी, हा त्यांतील भेद या चित्रपटाइतका रोखठोकपणे फार थोड्या कलाकृतींनी दाखवला आहे.

हा चित्रपट ज्यांनी पाहिला त्यांच्यातले सामुराई तर केव्हाच अस्तंगत झाले होते. १८७६ साली मेजी राजवटीने सामुराईंना तरवार बाळगण्यास बंदी केली आणि त्यांचे वंशपरंपरागत तनखेही बंद केले. मग १९२५ सालच्या कामगाराला, कारकुनाला, विद्यार्थ्याला या जुन्या काळच्या माणसात स्वतःचे काय दिसले असेल? तरवार तर त्यांच्यापाशी नव्हती; पण वरच्याचा शब्द खरा आणि खालच्याचा खोटा हा अनुभव कारखान्यात, कचेरीत आणि पाठशाळेत त्यांनाही नवा नसावा. नायकाची भूमिका करणाऱ्या बांदो यांचे आयुष्यही येथे आठवते. काबुकी रंगभूमीवर त्यांनी उमेदवारी केली होती. परंतु तेथील मोठ्या भूमिका नटघराण्यांत वंशपरंपरेने चालत आणि बांदो अशा घराण्यातले नव्हते. चित्रपटाने त्यांना जे स्थान दिले ते जुन्या रंगभूमीने दिले नसते. १९२५ साली त्यांनी स्वतःची चित्रसंस्था काढली आणि 'ओरोची' तिच्या आरंभीच्या काळातला. कनिष्ठ कुळाची सल काय असते, हे हेइझाबुरोचा चेहरा आपल्याला दाखवतो, तेव्हा तो केवळ अभिनय आहे असे वाटत नाही.

तरवारबाजीचे दृश्यही या अर्थाशी एकजीव झाले आहे. त्यापूर्वीचे लोकप्रिय नट मात्सुनोसुके ओनोए यांच्या चित्रपटांत तरवारयुद्ध हे काबुकीच्या वळणाने जात असे: ठरलेले पवित्रे आणि मध्येच रोखून धरलेल्या मुद्रा. वीर थकत नसे, कारण वीराने थकावयाचे नसते. हेइझाबुरो थकतो. त्याचे केस सुटतात, श्वास लागतो, तोल जातो. त्याला जिंकावयाचे नाही आणि मारावयाचेही नाही. त्याला फक्त वाट हवी आहे. शिपाई मात्र गल्लीगल्लीतून, छपरांवरून, दोर आणि शिड्या घेऊन येतच राहतात. हे युद्ध पाहताना प्रेक्षकाला शौर्याचा आनंद थोडा आणि कोंडमाऱ्याचा अनुभव अधिक येतो. आयुष्यभर ज्याचे म्हणणे कोणी ऐकून घेतले नाही, त्याच्यापाशी बोलण्याचे जे एकच साधन उरले, ते तो वापरत असतो. आणि त्या साधनाने त्याच्याविषयीचा गैरसमज अधिकच पक्का होतो.

या चित्रपटाचे म्हणणे किती खरे होते, याचा पुरावा तत्कालीन शासनानेच दिला. चित्रपटाचे मूळ नाव गुंड, बदमाश अशा अर्थाचे होते. असा मनुष्य नायक असावा आणि त्याचीच उपाधी चित्रपटाला असावी, हे तपासनिसांना मानवले नाही. नाव बदलून 'ओरोची' करावे लागले आणि चित्रपटाच्या काही भागालाही कात्री लागली. दुष्ट म्हटला जाणारा सारा दुष्टच नसतो, एवढे सांगणारा चित्रपटही व्यवस्थेला संशयास्पद वाटावा, यातील उपरोध वेगळा सांगावयास नको. ते वर्षच तसे होते. १९२५ साली जपानने २५ वर्षांवरील पुरुषांना सार्वत्रिक मताधिकार दिला आणि त्याच वर्षी शांतता रक्षणाचा कायदा करून विचारांवर पहाराही बसवला. चित्रपट तपासणीचे नियम गृहखात्याने देशभर एकसारखे लागू केले तेही याच वर्षी. त्याआधी दोनच वर्षे, १ सप्टेंबर १९२३ रोजी झालेल्या कान्तो भूकंपानंतर कोरियन लोक विहिरींत विष कालवत असल्याची कंडी पिकली होती आणि तिच्यापायी हजारो निरपराध कोरियन मारले गेले होते. अफवा माणसाला कशी गुन्हेगार ठरवते हे त्या समाजाने नुकतेच, आणि अत्यंत भीषण रीतीने, पाहिले होते. लेखकाच्या मनात हे प्रसंग होते असा दावा करण्याचे कारण नाही. परंतु प्रेक्षकांच्या मनातून ते पुसले गेले असतील असेही मानता येत नाही.

जपानी मूकपट आपल्या समजुतीप्रमाणे मुका नव्हता, ही गोष्टही येथे ध्यानात घ्यावयास हवी. पडद्याशेजारी उभा राहून कथा सांगणारा, सर्व पात्रांचे संवाद आवाज बदलून बोलणारा 'बेन्शी' हा तेथील चित्रगृहाचा अविभाज्य भाग होता. १९२७ च्या सुमारास जपानमध्ये असे साडेसहा हजारांहून अधिक बेन्शी होते. काहींची लोकप्रियता नटांहून अधिक होती. आपल्या कीर्तनकाराशी त्यांचे नाते जुळेल: कथा सर्वांना माहीत असली तरी ती कोणाच्या मुखातून ऐकावयाची याला महत्त्व. 'ओरोची'च्या बाबतीत बेन्शीचे काम आणखी अर्थपूर्ण ठरते. नायकाला आपली बाजू कथेत कोणापुढेही मांडता येत नाही. ती मांडतो बेन्शी, आणि ऐकतात अंधारात बसलेली शेकडो माणसे. गावाला जे कळले नाही ते प्रेक्षकाला कळते. हेइझाबुरोला अखेर जो साक्षीदार लाभतो तो हा प्रेक्षक होय.

या मांडणीवर एक आक्षेप येईल आणि तो गंभीर आहे. प्रत्येकाने आपला हेतू शुद्ध म्हणून हाती शस्त्र घ्यावयाचे ठरवले तर कायदा कशाला म्हणावयाचे? जिरोझोही उद्या आपला हेतू शुद्धच होता असे सांगेल. शिवाय हेइझाबुरो काही धुतल्या तांदळासारखा नाही. तो तापट आहे. विचार करण्यापूर्वी त्याचा हात उठतो, आणि त्याच्या दुःखातील काही वाटा त्याने स्वतःच निर्माण केलेला आहे. चित्रपट हे झाकून ठेवत नाही, हा त्याचा प्रामाणिकपणा. या आक्षेपाचे उत्तर एवढेच की, अंतःकरणाची साक्ष पुरेशी आहे असे 'ओरोची' म्हणत नाही. माणसाने काय मिळवले यापेक्षा त्याने काय गमावले हे पाहा, असे तो सुचवतो. जिरोझोच्या परोपकाराने त्याचा मान वाढत गेला. हेइझाबुरोच्या प्रत्येक चांगल्या कृत्याने त्याचा एकेक आधार तुटत गेला: आधी गुरू, मग प्रिया, मग नाव आणि शेवटी स्वातंत्र्य. खोट्या कर्तव्याचा हिशेब जमेकडे वाढतो. खऱ्या कर्तव्याचा बहुधा खर्चाकडे. ही कसोटी अचूक नसेल. परंतु चारचौघांच्या बोलण्याहून ती नक्कीच अधिक भरवशाची आहे.

पुढच्या काळात जपानने कर्तव्य या शब्दाचे काय केले, हे पाहिले म्हणजे या चित्रपटाचे मोल अधिक पटते. १९३९ च्या चित्रपट कायद्याने तेथील चित्रपटसृष्टी शासनाच्या दावणीला बांधली गेली. सत्तेचाळीस रोनिनांची कथा युद्धकाळात पुन्हा पडद्यावर आली ती निष्ठेचा पाठ म्हणून. कर्तव्य म्हणजे आज्ञापालन, एवढाच त्या शब्दाचा अर्थ उरला आणि त्याची किंमत साऱ्या आशियाने मोजली. युद्धात पराभव झाल्यावर अमेरिकी प्रशासनाने सरंजामी वृत्तीचा प्रसार होतो म्हणून तरवारपटांवर निर्बंध घातले. एकाने कर्तव्याला आज्ञेचे रूप दिले, दुसऱ्याने त्याला रोगच मानले. हेइझाबुरोचे कर्तव्य या दोन्ही चौकटींत बसणारे नव्हते. ती परंपरा पुन्हा वर आली ती १९६२ साली मासाकी कोबायाशी यांच्या 'सेप्पुकू' या चित्रपटात, जेथे एक रोनिन सरदारघराण्याच्या सन्मानाचा पोकळपणा भर दरबारात उघडा पाडतो. १९६६ मध्ये तर 'ओरोची'चीच कथा नव्या रूपात पुन्हा चित्रित झाली.

एवढे सारे आपण आज बोलू शकतो, कारण 'ओरोची' शिल्लक आहे. जपानच्या मूकपटांपैकी फारच थोडे वाचले. भूकंप, बॉम्बवर्षाव, आगी आणि सर्वांत अधिक म्हणजे बेपर्वाई यांनी बाकीचे गिळले. बोलपटांनी बेन्शींची भाकरी काढून घेतल्यावरही ही कला टिकवणाऱ्या शुन्सुई मात्सुदा यांनी युद्धोत्तर काळात जुन्या मूकपटांच्या प्रती जमवण्याचा ध्यास घेतला आणि १९८७ मध्ये मृत्यू येईपर्यंत ते त्या चित्रपटांना आवाज देत राहिले. हे वाचताना मराठी वाचकाच्या मनात खंत उमटल्यावाचून राहणार नाही. ज्या १९२५ साली 'ओरोची' निघाला त्याच साली कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी 'सावकारी पाश' काढला. कायदा आणि कागद ज्याच्या हाती, त्याच्यापुढे गरीब शेतकऱ्याचा शब्द कसा टिकत नाही, हे त्याचे सूत्र. तरुण शांतारामांनी त्यात शेतकऱ्याची भूमिका केली होती. त्या मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही. तोक्योचा प्रेक्षक आपल्या हेइझाबुरोला अजून पाहू शकतो. आपण आपल्या त्या शेतकऱ्याविषयी फक्त वाचू शकतो.

'ओरोची'तील खरा गुन्हेगार कोण, असे विचारले तर बहुतेक जण जिरोझोकडे बोट दाखवतील. परंतु जिरोझोसारखे लोक सर्व काळी असतात. या कथेतील सर्वांत अस्वस्थ करणारे पात्र आहे ते गुरूंचे. ते दुष्ट नाहीत, लोभी नाहीत. विद्वान आहेत, नीतीचे शास्त्र शिकवतात. आपल्या शिष्याला त्यांनी एक प्रश्न विचारावयास हवा होता: तू हे का केलेस? तो उत्तर देऊ शकत नव्हता, तर तो का गप्प आहे, याचा विचार तरी करावयास हवा होता. तेवढे न करता त्यांनी शिस्त राखली आणि एका होतकरू तरुणाचा पुढला सारा प्रवास त्या एका निकालाने ठरून गेला. ज्यांच्या हाती चारित्र्याचा दाखला देणे असते, ज्यांना दुसऱ्याच्या कागदावर शेरा मारण्याचा अधिकार असतो, हजेरीपटावर किंवा फायलीत ज्यांच्या दोन ओळींनी एखाद्याची वाट बंद होऊ शकते, त्या आपणा सर्वांनी या गुरूंकडे अंमळ निरखून पाहावे.

कर्तव्य करणाऱ्याला साक्षीदार लागत नाही, हे हेइझाबुरोने दाखवून दिले. पण म्हणून कोणालाही साक्षीदारावाचून राहू देणे योग्य ठरत नाही. ज्याला आपली बाजू मांडता येत नाही त्याचे मौन ऐकून घेणे, हेही कोणाचे तरी कर्तव्य असते. ते गुरूंचे होते आणि त्यांनी ते केले नाही. सामुराई गेले, त्यांच्या तरवारी वस्तुसंग्रहालयात गेल्या. हे कर्तव्य मात्र अजून शिल्लक आहे, आणि त्यासाठी तरवारीची मुळीच गरज नाही.